कॅलेडोनियाचे काका

ग्लासगोचा एक माणूस आमच्या कंपनीच्या व्हिडिओ कॉलवर पहिल्यांदा आला, तेव्हा मॅनेजरने सगळ्यांची ओळख करून दिली. काकांची पाळी आली तशी काकांनी कॅमेऱ्याकडे वाकून विचारलं, "तुम्ही कॅलेडोनियातल्या नेमक्या कुठल्या भागातले?" तो माणूस जरा गोंधळला. मग हसून म्हणाला की मी ग्लासगोचा, आणि ते नाव आमच्याकडे गाण्यात असतं, नाहीतर बोटीवर. काका समाधानाने मागे टेकले. पुढचं सगळं बोलणं डेटाबेसच्या मायग्रेशनवर होतं आणि काकांचं तिकडे अजिबात लक्ष नव्हतं, हे मला समोरून दिसत होतं. कॉल संपल्यावर माझ्या क्यूबपाशी येऊन म्हणाले, "ऐकलंस ना, पुणेकर? गाण्यात नाहीतर बोटीवर. म्हणजे त्यालाही माहीत आहे, ते नाव त्यांचं नाही म्हणून."

मी तेव्हा मिनेसोटातल्या ईडन प्रेरीत नवीन होते. काका आमच्या टीममध्ये डेटाबेस सांभाळायचे. मूळचे नागपूरचे, पन्नाशीच्या आसपासचे, केस मात्र पार पांढरे. त्या केसांमुळे सगळे मराठी लोक त्यांना काका म्हणायचे. ते ऐकून तेलुगू मुलं म्हणायला लागली आणि शेवटी अमेरिकन मॅनेजरही म्हणायला लागला. त्याला ते त्यांचं टोपणनाव वाटायचं. काकांनी त्याला कधी दुरुस्त केलं नाही. बाकी सगळ्या जगाला ते दुरुस्त करायचे.

स्कॉटलंड हा शब्द ते शक्यतो उच्चारत नसत, कॅलेडोनियाच म्हणत. पहिल्याच आठवड्यात त्यांनी मला लंचला बसवून सगळी गोष्ट सांगितली होती, आणि मला वाटतं नव्या प्रत्येक माणसाला ते ती सांगत असणार. रोमन लोकांनी ब्रिटन जिंकलं, पण वर उत्तरेला डोंगराळ भागात त्यांची डाळ शिजली नाही. तिथल्या एका टोळीच्या नावावरून त्यांनी त्या सगळ्या मुलखाला कॅलेडोनिया म्हटलं. चढाया केल्या, लढाया जिंकल्याही, पण टिकता आलं नाही. शेवटी आडवी भिंत बांधून तिच्या अलीकडे राहिले. पुढे रोमन गेले, त्यांचं राज्य गेलं, नाव लॅटिन पुस्तकांत राहिलं. तिथली माणसं आपल्या जुन्या भाषेत आपल्या देशाला अल्बा म्हणत होती. मग बऱ्याच शतकांनी त्यांच्याच शिकलेल्या लोकांनी ते रोमन नाव पुस्तकातून उचललं आणि कालव्याला लावलं, रेल्वेला लावलं, बोटींना लावलं. घर सोडून जिथे जिथे गेले तिथे गावांनाही लावलं. पॅसिफिक समुद्रात एका इंग्रज दर्यावर्द्याला एक बेट दिसलं, ते त्याला स्कॉटलंडसारखं वाटलं, म्हणून त्याने त्याचं नाव न्यू कॅलेडोनिया ठेवलं. आज तिथे राज्य फ्रेंचांचं आहे.

"नाव रोमनांचं, ठेवलं इंग्रजाने, राज्य फ्रेंचांचं, आणि राहणाऱ्यांना कोणी विचारलंच नाही," काका डब्याचं झाकण लावत म्हणाले होते. "शत्रूने ठेवलेलं नाव, आणि हे मिरवून राहिले."

मी पुणेरी तत्परतेने विचारलं की मग इंडिया हे तरी काय वेगळं आहे. त्यावर ते इतके खूश झाले की मला त्यांनी स्वतःच्या डब्यातली शेवटची सांबारवडी दिली. सांबार म्हणजे नागपूरकडे कोथिंबीर, हे मला तेव्हाच कळलं. म्हणाले, "बरोबर. सिंधू नदीवरून नाव पडलं. नदी राहिली पाकिस्तानात, नाव आपल्याकडे. आता काय करतो? राहतो."

अमेरिकेत कॅलेडोनिया नावाची गावं बरीच आहेत. आमच्या मिनेसोटातच एक आहे, अगदी दक्षिणेच्या कोपऱ्यात. विस्कॉन्सिनमध्ये आहे, इलिनॉयमध्ये, ओहायोत, न्यूयॉर्क राज्यात, आणि आणखी कुठे कुठे. लाँग वीकेंड आला की बाकीचे लोक शिकागोला किंवा ब्लॅक हिल्सला जायचे, काका काकूंना आणि मुलीला व्हॅनमध्ये घालून एखाद्या कॅलेडोनियाला जायचे. गावात पोचलं की पेट्रोल पंपावर, लायब्ररीत, नाश्त्याच्या हॉटेलात एकच प्रश्न विचारायचे: तुमच्या गावाला कॅलेडोनिया का म्हणतात? बहुतेकांना माहीत नसायचं. एका पंपावरच्या बाईने सांगितलं की गाव वसवणाऱ्याच्या बायकोचं नाव असेल. एका म्हाताऱ्या शेतकऱ्याने सांगितलं की त्याच्या खेचराचं होतं. काका प्रत्येकाचं उत्तर शांतपणे ऐकून घ्यायचे आणि मग रोमनांपासून सुरुवात करायचे. ते झालं की गावाची पाटी दिसेल अशा ठिकाणी गाडी लावून, बॉनेटवर कागद पसरून सगळ्यांनी सांबारवडी खायची. मग परत.

काकू हे सगळं कंटाळून पण न भांडता करायच्या. मला एकदा म्हणाल्या, "कोणाचा नवरा पितो, कोणाचा शेअर मार्केटमध्ये घालवतो. माझा गावं पाहतो."

ऑफिसातही हा विषय वेगवेगळ्या वाटांनी यायचा. नाव ठेवण्याबाबत काका फार काटेकोर होते. एका नव्या प्रोजेक्टला मॅनेजरने एव्हरेस्ट नाव दिलं तेव्हा काकांनी भर मीटिंगमध्ये विचारलं, इथे कोणी तिथे गेलंय का? कोणीच गेलं नव्हतं. मग पायथ्याशी तरी? तेही नाही. ज्याने जिथे मुक्काम केला नाही त्याने तिथलं नाव उचलू नये, असं त्यांचं म्हणणं होतं. आम्ही हसायचो. मराठीत नाव ठेवणं आणि नावं ठेवणं यांत एका अनुस्वाराचा फरक आहे, आणि परके लोक दोन्ही एकाच वेळी करतात, असं ते म्हणायचे. त्यांच्या मुलीचं नाव जुई. शाळेत तिला जोई म्हणायचे. काका शाळेत जाऊन वर्गशिक्षिकेला फळ्यावर ते नाव दोन तुकड्यांत लिहून दाखवून आले होते. जुईने घरी येऊन सांगितलं की मला जोई आवडतं.

पुढचं मला काकूंनी सांगितलं. मंडळाच्या गणपतीत आम्ही दोघी प्रसादाच्या टेबलामागे उभ्या होतो. मी सहज विचारलं की या लेबर डेच्या सुट्टीत कुठल्या कॅलेडोनियाला, तर त्यांनी हातातला चमचा खाली ठेवला.

जिथे ते घडलं ते कॅलेडोनिया कुठल्या राज्यातलं होतं ते मी सांगत नाही. तिथल्या लोकांचा त्यात काही मोठा दोष नव्हता. रविवारची दुपार होती. गावच्या पाण्याच्या टाकीवर मोठ्या अक्षरांत नाव होतं, आणि काका ती टाकी नाव आणि सगळं मिळून फोटोत घ्यायला एका गल्लीत मागे-पुढे फिरत होते. एकदा या घरासमोर, एकदा त्या घरासमोर. कोणीतरी फोन केला असावा. शेरीफच्या ऑफिसची गाडी आली. तरुण पोलीस उतरला, त्याने काकांना हात दिसतील असे ठेवायला सांगितलं आणि इथे काय करताय म्हणून विचारलं.

काकांनी रोमनांपासून सुरुवात केली.

पोलिसाने लायसन्स मागितलं. काका खिशाकडे हात नेत गोष्टीतल्या टोळीपर्यंत आले. पोलीस म्हणाला, हात वर ठेवा. काकांनी हात वर केले आणि भिंतीचं सांगितलं. जुई तेव्हा सोळा वर्षांची होती, मागच्या सीटवर बसली होती. काकू म्हणाल्या की तिने काच खाली केली आणि इतक्या जोरात ओरडली की मी तिचा तसा आवाज त्याआधी ऐकला नव्हता. "डॅड, स्टॉप टॉकिंग. प्लीज. जस्ट स्टॉप टॉकिंग."

काका बोलायचे थांबले. वाक्याच्या मध्येच. पोलिसाने लायसन्स पाहिलं, गाडीचा नंबर पाहिला, लायसन्स परत दिलं आणि दिवस चांगला जावो म्हणून निघून गेला. एवढंच. हातही लावला नाही कोणाला. मग परत निघाले. एका रेस्ट एरियात थांबल्यावर जुईने इंग्रजीत सांगितलं की मी यापुढे या असल्या कुठल्याही गावाला येणार नाही. काका म्हणाले, ठीक आहे.

"त्या दिवसापासून तिच्यासमोर त्यांनी तो शब्द काढला नाही," काकू म्हणाल्या आणि परत शिरा वाढायला लागल्या.

ते खरं होतं, मी स्वतः पाहिलं. त्यांच्या घरी जेवायला गेलो होतो, माझा नवरा नवीनच आलेला होता. त्याने भाबडेपणाने विचारलं, काका, ते रोमन लोकांचं तुम्ही काय सांगता म्हणे? काकांनी टेबलाच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या जुईकडे पाहिलं. ती फोनमध्ये होती. "जाऊ दे बाप्पा," ते म्हणाले. "भात घे." मला वाटतं जुईने ते ऐकलं. तिने मान वर केली नाही.

काकांचं जाणं मात्र बंद झालं नाही. फक्त एकटे जायला लागले. काकूंचे गुडघे दुखायचे आणि गाडीत फार वेळ बसवत नसे. एकदा आमच्या कंपनीचं फार्गोला एका क्लायंटकडे काम निघालं आणि मी आणि काका कंपनीच्या गाडीने गेलो. दुसऱ्या दिवशी काम लवकर संपलं. पार्किंग लॉटमध्ये काका किल्ली हातात घेऊन उभे राहिले आणि बुटाच्या टोकाने खडी इकडेतिकडे करत म्हणाले, "थोडं वर गेलो तर तुला चालेल का? घरी पोचायला उशीर होईल." कुठे ते त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

नॉर्थ डकोटाचा तो भाग ताटासारखा सपाट आहे. दोन्ही बाजूंना बीटाची शेतं. हायवे सोडून आम्ही आत गेलो तर गाव असं काही दिसेचना. काही घरं, झाडं, एक नदी. वाटेत काकांनी सांगितलं की हे एके काळी काउंटीचं मुख्य ठिकाण होतं, कचेऱ्या इथे होत्या. मग रेल्वे इथून न जाता दुसऱ्या गावाहून गेली, कचेऱ्या तिकडे गेल्या आणि माणसंही गेली. राहिलं ते हे. विचारायला पेट्रोल पंपसुद्धा नव्हता.

एका अंगणात एक म्हातारी बाई पानं गोळा करत होती. मी पाहिलं, काका गाडीतून उतरण्याआधी क्षणभर थांबले. फोन सीटवरच ठेवला. उतरल्यावर दोन्ही हात शरीरापासून जरा लांब, समोरच्याला दिसतील असे धरून चालत गेले. पूर्वी ते हात मागे बांधून चालायचे.

बाईंनी आम्हाला पायरीवर बसवलं आणि आतून पातळ कॉफी आणून दिली. गावाला हे नाव का, हे त्यांना माहीत नव्हतं. माझ्या माहितीत इथे सगळे नॉर्वेचे, त्या म्हणाल्या, माझे आजोबाही. काकांनी माझ्याकडे पाहिलं, मग त्यांना विचारलं की सांगू का. सांगा ना, त्या म्हणाल्या. किती वर्षांनी ते ती गोष्ट पूर्ण सांगत होते कोण जाणे. टोळी, डोंगर, भिंत, पुस्तकं, बोटी. बाईंनी शेवटपर्यंत ऐकली. मग साधेपणाने विचारलं, "तर तुम्ही स्कॉटलंडला जाऊन आलात का?"

"नाही," काका म्हणाले. "जमलं नाही."

"अच्छा," त्या म्हणाल्या आणि कॉफी आणखी हवी का विचारलं.

परतताना मी गाडी चालवत होते. फार्गो मागे पडेपर्यंत काका खिडकीबाहेर पाहत होते. मग आपण होऊन बोलायला लागले. मी विचारलं नव्हतं.

त्यांचे वडील नागपूरला एका मिशनरी शाळेत प्रयोगशाळा सांभाळायचे, आणि कुटुंबाला राहायला एका जुन्या बंगल्याच्या आवारातल्या मागच्या खोल्या होत्या. बंगल्याच्या फाटकावर संगमरवरी पाटी होती, तिच्यावर कॅलेडोनिया. बंगल्यात एक वयस्क स्कॉटिश बाई राहायची, शाळेत शिकवायची. आवारातल्या सगळ्या पोरांना वाटायचं की पाटीवर असतं ते मालकिणीचं नाव असतं. म्हणून सगळे तिला कॅलेडोनिया मॅडम म्हणायचे. एके दिवशी मॅडमने ते ऐकलं. रागावली नाही, खूप हसली, आणि पोरांना व्हरांड्यात बसवून तिने सांगितलं की हे माझ्या देशाचं नाव आहे, पण आमच्या लोकांनी ठेवलेलं नाही, आम्हाला जिंकायला आलेल्यांनी ठेवलेलं आहे. काकांनी तिला विचारलं की मग तुम्ही पाटीवर काहून लावलं? ती म्हणाली की लांब आलं की कोणतंही नाव चालतं.

"मग ती रिटायर झाली," काका म्हणाले. "परत जाताना सगळ्या पोरांना म्हणाली, या कधीतरी. सगळ्यांनाच म्हणाली. मी आपलं ते मनावर घेतलं."

मी म्हटलं, मग गेला का नाहीत? इतकी वर्षं इथे आहात, इथून सात-आठ तासांची फ्लाइट.

त्यावर त्यांनी मला जे सांगितलं ते इथल्या कोणालाही सांगावं लागत नाही. त्यांची आई गेली तेव्हा ते नागपूरला गेले होते. परत यायला व्हिसाचा शिक्का हवा होता, आणि तो मिळेना. कागद कुठेतरी तपासणीत अडकले. महिनोन्‌महिने. इकडे काकू आणि लहानशी जुई, मिनेसोटाचा हिवाळा, काकूंना तेव्हा गाडी चालवता येत नव्हती. शेजारचा माणूस येऊन दारापुढचा बर्फ काढून द्यायचा आणि चर्चमधल्या बायका दूध आणून द्यायच्या. काका नागपूरला भावाच्या घरी बसून रोज फोनवर जुईचं रडणं ऐकायचे. परत आल्यावर त्यांनी ठरवलं की ग्रीन कार्ड हातात पडल्याशिवाय या देशाबाहेर पाऊल टाकायचं नाही. आणि आपल्या लोकांची ती रांग केवढी आहे ते काही मी सांगायला नको.

"तिकडे जाता येत नव्हतं," ते म्हणाले. "इथल्या कॅलेडोनियांना गाडी जाते. तेवढंच."

मग ते म्हणाले, "जुईला मी हे सांगितलं नाही. तिला वाटते बापाला वेड आहे. वाटू दे. तिच्यामुळे मी या देशात अडकून पडलो असं तिला वाटायला नको."

त्यानंतर काही वर्षांनी काकांना ग्रीन कार्ड मिळालं. ऑफिसात केक आणला. आम्ही सगळ्यांनी गृहीत धरलं होतं की पुढच्याच उन्हाळ्यात काका स्कॉटलंडला जाणार. मॅनेजरने तर सुट्टी आधीच मंजूर म्हणून सांगितलं. काका गेले नाहीत. मी विचारलं तर म्हणाले की मॅडम कधीच गेली असेल. आणि तिथे कॅलेडोनिया नावाचं गाव शोधलं, मला काही सापडलं नाही. मला हे कारण पटलं नाही, पण दुसरं त्यांनी दिलं नाही.

जुई तोपर्यंत शिकून फिजिओथेरपिस्ट झाली होती आणि लग्न करून मिशिगनला ग्रँड रॅपिड्समध्ये राहत होती. नवरा तमिळ घरातला, अबोल, चांगला मुलगा. बापलेकीचं भांडण असं कधीच नव्हतं. फोन व्हायचे, दिवाळीला येणं-जाणं व्हायचं. पण काकूंच्या शब्दांत सांगायचं तर दोघं एकमेकांशी हवामानावर बोलायचे.

एके दिवशी सकाळी काका माझ्या क्यूबपाशी येऊन उभे राहिले.

"जुईने घर घेतलं," म्हणाले.

मी अभिनंदन केलं, कुठे म्हणून विचारलं.

"ग्रँड रॅपिड्सच्या बाहेर. दक्षिणेला." आणि गेले. दिवसभर डबाही उघडला नाही. मला वाटलं तब्येत बरी नाही. संध्याकाळी काकूंचा फोन आला तेव्हा कळलं की गावाचं नाव कॅलेडोनिया आहे.

त्या भागात घर घेणारे खूप लोक ते गाव बघतात. शाळा चांगल्या, अंगण मोठं, हॉस्पिटल फार लांब नाही. जुईने फोनवर आईला एवढंच सांगितलं होतं. घर कुठे आहे, किती बेडरूम आहेत, आणि गावाचं नाव, जसं कोणतंही सांगावं तसं. काकांना कळेना की तिने ते नाव पाहून घेतलं, का न पाहता घेतलं, का थट्टा केली. ते गाव त्यांनी स्वतः पूर्वी पाहिलेलं होतं. जुई आठ-नऊ वर्षांची असताना तिला घेऊनच गेले होते, पण तिच्या लक्षात आहे का तेही त्यांना माहीत नव्हतं.

मग बरेच दिवस ते दर दोन-चार दिवसांनी मला विचारायचे, "तिला विचारू का?" मी म्हणायची, विचारा ना काका, मुलगी आहे तुमची. ते हो म्हणायचे. काकूंना विचारलं की म्हणायच्या, "कसले विचारतात. फोन आला की हातात घेतात, बर्फ पडला का विचारतात, आणि मला देतात." एकदा मी म्हटलं की मीच विचारते तिला. त्यावर काका जवळजवळ घाबरले. "नको. थट्टेत घेतलं असेल तर मला कळायला नको," म्हणाले. इतकी वर्षं हजार परक्या लोकांना एक प्रश्न विचारत फिरलेला माणूस, तोच प्रश्न स्वतःच्या मुलीला विचारू शकत नव्हता.

वास्तुशांतीचं आमंत्रण आम्हालाही होतं. मी आणि नवरा शिकागोवरून वळसा घालून गाडीने गेलो. डिसेंबर होता. शिकागोकडचे एक गुरुजी येणार होते, पण मिशिगनच्या मोठ्या तळ्याच्या बाजूने इतका बर्फ झाला की त्यांनी आदल्या दिवशीच कळवलं, मी घरूनच सांगतो, तुम्ही करा. म्हणून टीव्हीवर व्हिडिओ कॉल लावला. समोर पाटावर जुई आणि तिचा नवरा, दोघं नव्या कपड्यांत. होमाच्या धुराने अलार्म वाजेल म्हणून जावयाने घरातले सगळे स्मोक डिटेक्टर काढून एका टोपलीत ठेवले होते. काही शेजारीही आले होते, कोपऱ्यात खुर्च्यांवर हातात चहाचे कप घेऊन बसले होते. काका भिंतीला टेकून खाली बसले होते, तबकातली सुपारी सरळ करत.

गुरुजींनी आचमन करायला सांगितलं, हातात पाणी घ्यायला सांगितलं आणि संकल्प सुरू केला. संकल्पात आधी काळ सांगायचा आणि मग आपण कुठे बसलो आहोत ते ठिकाण: द्वीप, खंड, देश, गाव. अमेरिकेतले गुरुजी यात फार तरबेज झाले आहेत. क्रौंचद्वीपे म्हणाले, पुढे अमेरिकादेशे म्हणाले, मिशिगनराज्ये म्हणाले, आणि थांबले. "गाव ग्रँड रॅपिड्स म्हणू ना? मोठं शहर जवळ असेल तर तेच म्हटलेलं चालतं."

"नाही गुरुजी," जुई म्हणाली. "कॅलेडोनिया."

"काय म्हणालात?"

तिने परत सांगितलं. गुरुजींनी तोंडातल्या तोंडात म्हणून पाहिलं. "हे कुठलं नाव? एखाद्या देवीचं वगैरे आहे का?"

खोलीतले जे लोक काकांना ओळखत होते त्या सगळ्यांनी काकांकडे पाहिलं. काकूंनीही पाहिलं. काकांनी सुपारीवरची नजर वर केली नाही. मला दिसलं की त्यांनी ओठ घट्ट मिटले होते.

जुईच्या ओंजळीत पाणी होतं, ते सांडू नये म्हणून ती हात न हलवता बोलली. तिचं मराठी असं आहे. "नाही, देवी नाही. ते रोमन लोकांनी दिलेलं नाव आहे. नॉर्थला एक जागा होती, तिथे ते गेले, फाइट पण केली, पण त्यांना तिथे राहायला नाही जमलं. मग त्यांनी वॉल बांधली आणि परत गेले. ते नाव राहिलं. मग तिथले लोक जिकडे पण गेले, तिकडे ते घेऊन गेले. इकडे पण. मी लहान असताना बाबांनी मला सगळी कॅलेडोनियाज दाखवली आहेत. ही पण. घर बघायला आलो तेव्हा मी म्हटलं, मला हीच पाहिजे. बाकीचं बाबांना विचारा, मला एवढंच येतं."

"बरं, बरं," गुरुजी म्हणाले. त्यांना पुढचं काम होतं. त्यांनी घसा साफ केला आणि जिथे सोडलं होतं तिथून धरलं. "मिशिगनराज्ये, कॅलेडोनियानाम ग्रामे, अस्मिन् नूतनगृहे..."

"गुरुजी," काका मध्येच म्हणाले. सकाळपासून ते पहिल्यांदाच बोलत होते. "तुमचा आवाज तुटला. गावापासून परत म्हणता का?"

आवाज कुठेही तुटला नव्हता. जावई रिमोट घेऊन उठत होता, त्याला काकूंनी हाताने खाली बसवलं. जुई तशीच, ओंजळीत पाणी धरून, वडिलांकडे पाहत होती. गुरुजी कॅमेऱ्याच्या जवळ आले, आवाज चढवला, आणि गावापासून परत म्हणाले.